कुंभकोणमचा मोटारस्टँड आणि कलम ११७

कावेरी आणि अरसलार या दोन नद्यांच्या मधोमध वसलेले कुंभकोणम दिल्लीतील मराठी वाचकाला ठाऊक असते ते देवळांचे गाव म्हणून. इतिहासाची आवड असणारा आणखी थोडे सांगेल. तंजावरच्या भोसल्यांच्या राज्यातील हे गाव. त्रावणकोर, इंदूर आणि बडोदा या तीन संस्थानांचे दिवाणपद भूषविणारे सर टी. माधवराव १८२८ साली येथल्याच एका मराठी कुटुंबात जन्मले. परिवहन, नगरविकास अथवा गृह खात्यात काम करणाऱ्यांनी मात्र या गावाचे नाव आणखी एका कारणासाठी लक्षात ठेवायला हवे. गर्दी कमी करण्यासाठी बसचा थांबा, ट्रकचा तळ किंवा टेम्पोचा अड्डा गावाबाहेर हलविण्याचा हुकूम निघतो, त्याने ज्यांचे पोट मारले जाते ते न्यायालयात धाव घेतात, आणि मग सरकारी वकील अनेकदा जो जुना निर्णय पुढे करतात, तो कुंभकोणमच्या एका मोटारस्टँडवरून झालेल्या तंट्यात दिला गेलेला आहे.

हकिकत साधी आहे. कुंभकोणममध्ये खासगी मालकीचा, परवान्यावर चालणारा एक मोटारस्टँड होता. त्या काळी बसवाहतूक बव्हंशी खासगी मालकांच्या हाती होती आणि स्टँड चालविणे हादेखील एक स्वतंत्र धंदा होता. बसमालकाने जागेचा आकार द्यावा, प्रवाशाने तेथेच चढावे-उतरावे आणि फाटकाच्या अवतीभवती चहा, फळे, विड्याची पाने विकणाऱ्यांनी आपला संसार थाटावा, असा तो व्यवहार. तंजावरच्या प्रादेशिक परिवहन प्राधिकरणाने सार्वजनिक सोयीसाठी या गावातील बस सुटण्याची आणि प्रवास संपविण्याची ठिकाणे बदलली. मालकाची जमीन कोणी घेतली नाही, त्याच्या फाटकाला कोणी टाळे ठोकले नाही. फक्त तेथून बस सुटेनाशी झाली. जमीन राहिली आणि धंदा गेला. मालक मद्रास उच्च न्यायालयात हरला आणि सर्वोच्च न्यायालयात आला. ‘टी. बी. इब्राहिम विरुद्ध प्रादेशिक परिवहन प्राधिकरण, तंजावर’ या नावाने १९५३ च्या निर्णयसंग्रहात हा खटला नोंदलेला आहे.

मालकाचे म्हणणे दोन पायांवर उभे होते. १९३९ च्या मोटार वाहन कायद्याच्या कलम ६८ खाली मद्रास सरकारने १९४० साली जे नियम केले, त्यांतील नियम २६८ प्राधिकरणाला बस सुटण्याची ठिकाणे ठरविण्याचा आणि पुरेशा कारणास्तव वेळोवेळी बदलण्याचा अधिकार देत होता. हा नियम मूळ कायद्याच्या कक्षेबाहेर जातो. शिवाय ठिकाण बदलण्याच्या नावाखाली चालू स्टँड कायमचा बंद पाडता येत नाही, हा पहिला मुद्दा. नव्या राज्यघटनेच्या अनुच्छेद १९ ने दिलेल्या व्यवसाय-स्वातंत्र्याचा भंग झाला, हा दुसरा. सर्वोच्च न्यायालयाने दोन्ही फेटाळले. नागरिकाला व्यवसाय करण्याचा हक्क आहे, तो मनास येईल त्या जागी करण्याचा हक्क नाही. सार्वजनिक सोयीसाठी घातलेल्या निर्बंधाने एखाद्या जागेचा आजवरचा वापर संपुष्टात आला, तरी तेवढ्यावरून तो निर्बंध अवाजवी ठरत नाही. आणि स्टँड हलविल्याने लोकांची सोय होते की नाही, हे ठरविणे प्राधिकरणाचे काम आहे; स्थानिक परिस्थितीची जाण त्याला असल्यामुळे न्यायालयाने त्याच्या मताच्या जागी आपले मत बसवू नये. निर्णयाचा मथितार्थ एवढाच.

हा निकाल चुकला असे म्हणणे अवघड आहे. सार्वजनिक रस्त्यावरून जाणारी वाहतूक आपल्याच फाटकातून गेली पाहिजे, असा हक्क कोणा एका जमीनमालकाला दिला असता, तर पुढे देशातील एकही स्टँड कधी हलला नसता. मुंबईत, पुण्यात, नागपुरात रस्त्याकडेच्या जागेवर पिढ्यान् पिढ्यांचा ताबा सांगणाऱ्यांची कमतरता नाही. त्या काळातील सर्वोच्च न्यायालय प्रशासनापुढे मान तुकविणारे होते, असेही नव्हे. १९५२ मध्येच ‘मद्रास राज्य विरुद्ध व्ही. जी. राव’ या खटल्यात सरन्यायाधीश पतंजली शास्त्री यांनी वाजवी निर्बंधाची कसोटी सांगितली होती: कोणता हक्क आवळला जात आहे, कोणत्या अनर्थाच्या निवारणासाठी, तो अनर्थ किती निकडीचा आहे आणि उपाय त्याच्या प्रमाणात आहे की नाही, हे सारे न्यायालयाने तपासायचे. १९५४ मध्ये ‘सगीर अहमद’ खटल्यात याच न्यायालयाने सार्वजनिक रस्त्यावर बस चालविणे हा नागरिकाचा हक्क असून ती सरकारची मेहेरबानी नव्हे, असे बजावले. या दोहोंच्या मधोमध आलेल्या कुंभकोणमच्या निर्णयात मात्र त्या कसोटीची धग फारशी जाणवत नाही. ‘सोय’ हा शब्द आला आणि तपासणी तेथेच थांबली. याच तंजावर भागातील बसपरवान्यांच्या भांडणातून उद्भवलेल्या ‘वीरप्पा पिल्लै विरुद्ध रामन अँड रामन’ या १९५२ च्या निर्णयानेही, उच्च न्यायालयांनी परिवहन प्राधिकरणाच्या निर्णयांवर अपील ऐकल्याप्रमाणे बसू नये, असे सांगून ठेवले होते. कावेरीच्या खोऱ्यातील बसवाल्यांनी भारताच्या प्रशासकीय कायद्याला किती सामग्री पुरविली, हा एखाद्या अभ्यासकाने हाती घेण्यासारखा विषय आहे. असो.

न्यायालयाच्या या संयमाला एक अट होती, आणि तिचा आज सर्वांना विसर पडला आहे. न्यायालयाने माघार घेतली ती प्राधिकरण सरकारी होते म्हणून नव्हे, तर त्याला स्थानिक परिस्थितीची जाण आहे असे मानून. तंजावर कुंभकोणमपासून सुमारे ४० किलोमीटरवर आहे. तेथे बसलेल्या अधिकाऱ्याला कोणत्या देवळाचा रथ कोणत्या गल्लीतून जातो, बाजाराचा दिवस कोणता आणि रेल्वे स्थानकापासून जुना स्टँड किती पावलांवर आहे, हे ठाऊक असण्याची शक्यता होती. तो चुकला, तर लोकांना गाठता येईल एवढ्या अंतरावर तो होता. पुढील सत्तर वर्षांत न्यायालयाचा संयम जसाच्या तसा राहिला. ज्याच्याविषयी तो दाखवायचा, तो निर्णय घेणारा मात्र गावापासून दूर दूर सरकत गेला. या सरकण्याची नोंद संसदेच्या कागदपत्रांत शोधावी लागते.

१९३९ च्या कायद्यात वाहनतळ आणि थांबे यांविषयी कलम ७६ होते. राज्य शासन, किंवा त्याने अधिकार दिलेले प्राधिकरण, स्थानिक संस्थेशी ‘विचारविनिमय करून’ वाहने कोठे उभी राहावीत हे ठरवील, अशी त्याची रचना. १९८८ मध्ये राजीव गांधी सरकारने नवा मोटार वाहन कायदा आणला, तेव्हा हेच कलम जवळजवळ शब्दशः ११७ या क्रमांकाने त्यात उतरले. विचारविनिमय म्हणजे काय, तो लेखी असावा काय, नगरपालिकेने नकार दिला तर त्याचे वजन किती, यांविषयी एक अक्षर नाही. गंमत अशी की, दुसऱ्याच वर्षी, १९८९ मध्ये, त्याच सरकारने नगरपालिकांना घटनात्मक स्थान देणारे ६५ वे घटनादुरुस्ती विधेयक संसदेत मांडले. ते राज्यसभेत पडले. पुढे नरसिंह राव सरकारच्या काळात, १९९२ च्या डिसेंबरात, ७४ वी घटनादुरुस्ती संमत झाली आणि तिच्याबरोबर बारावी अनुसूची आली. नगरपालिकांकडे सोपवावयाच्या १८ विषयांच्या त्या यादीत सतराव्या क्रमांकावर सार्वजनिक सुविधा आहेत आणि त्यांत रस्त्यावरील दिवे, वाहनतळ, बसथांबे आणि स्वच्छतागृहे यांचा स्पष्ट उल्लेख आहे. म्हणजे राज्यघटनेच्या मते बसथांबा हा नगरपालिकेचा विषय, आणि मोटार वाहन कायद्याच्या मते नगरपालिका ही केवळ मत विचारण्यापुरती. अनुसूचीतील विषय सोपविणे राज्यांच्या मर्जीवर ठेवले गेल्यामुळे ही विसंगती कोणाला टोचली नाही. राज्यांनी दिवे आणि स्वच्छतागृहे नगरपालिकांना दिली. थांबे ठरविण्याचा खरा अधिकार परिवहन खात्यानेच ठेवून घेतला.

ही विसंगती दूर करण्याची उत्तम संधी २०१९ मध्ये चालून आली होती. मोटार वाहन कायद्यातील व्यापक दुरुस्तीचे विधेयक त्या वर्षीच्या जुलैत दोन्ही सभागृहांनी संमत केले. त्याआधी राज्यसभेच्या प्रवर समितीने त्याच्या पूर्वावतारावर काम केले होते. विधेयक मांडणारे मंत्री नितीन गडकरी आणि समितीचे अध्यक्ष विनय सहस्रबुद्धे, असा योग महाराष्ट्राच्या वाट्याला क्वचितच येतो. परंतु चर्चा गाजली ती दंडाच्या वाढीव रकमांनी. कायदा लागू होताच गुजरातने त्या रकमा कमी केल्या, महाराष्ट्राने अंमलबजावणी लांबविली आणि वर्तमानपत्रांचे रकाने चलनांच्या पावत्यांनी भरून गेले. राज्यांच्या अधिकारांवर अतिक्रमण होत असल्याची तक्रार विरोधी बाकांवरून झाली. ती परवाने आणि वाहतूक योजनांच्या कलमांपुरती राहिली. कलम ११७ ला जोडलेल्या दोन परंतुकांकडे कोणाचे फारसे लक्ष गेले नाही.

पहिले परंतुक निर्दोष दिसते. थांब्यांची ठिकाणे ठरविताना राज्य शासनाने रस्ता वापरणाऱ्यांची सुरक्षितता आणि वाहतुकीचा सुरळीत प्रवाह यांना अग्रक्रम द्यावा. यात आक्षेपार्ह काय? वरकरणी काहीच नाही. पण १९५३ च्या निर्णयात ‘सार्वजनिक सोय’ हा ऐसपैस शब्द होता. त्यात बसची वाट पाहणाऱ्या बाईचीही सोय मावत होती. २०१९ च्या परंतुकात अग्रक्रम मिळाला तो सुरक्षिततेला आणि प्रवाहाला. प्रवाह म्हणजे जे चालू आहे ते न थांबणे. थांबा ही तर मुळातच थांबण्याची जागा. वाहतुकीच्या प्रवाहाच्या दृष्टीने सर्वांत उत्तम थांबा तोच, जो गावाबाहेर आहे. मग गावात पोहोचायचे कसे, हा प्रश्न प्रवाशाचा! दुसरे परंतुक याहून दूरवर जाते. आता भारतीय राष्ट्रीय महामार्ग प्राधिकरण किंवा केंद्राने नेमलेली अन्य संस्थाही असे थांबे ठरवू शकते. कुंभकोणमवरून विक्रवंडी-तंजावर हा राष्ट्रीय महामार्ग जातो. ज्या गावाच्या खटल्यात स्थानिक जाणिवेला सर्वोच्च न्यायालयाने मान दिला, त्याच गावाचा थांबा ठरविण्याचा अधिकार तंजावरवरून निघून दिल्लीतील एका कार्यालयापर्यंत येऊन पोहोचला आहे, निदान कायद्याच्या पुस्तकात.

हे सारे पुस्तकी वाटत असेल तर चेन्नईकडे पाहावे. तेथील बाहेरगावच्या बसचे स्थानक आधी ब्रॉडवे भागात होते. २००२ मध्ये ते कोयंबेडूला गेले आणि तेव्हा ते शहराच्या कडेला मानले जात होते. वीस वर्षांत शहर त्याच्याभोवती वाढले, मेट्रो आली, आणि २०२३ च्या ३० डिसेंबरला मुख्यमंत्री स्टालिन यांच्या हस्ते वंडलूरजवळ किलांबाक्कम येथे नव्या स्थानकाचे उद्घाटन झाले. दक्षिणेकडे जाणाऱ्या बस तेथून सुटू लागल्या. कुंभकोणमला जाणारा प्रवासीही त्यांत आला. पोंगल आटोपताच, जानेवारी २०२४ मध्ये, खासगी ‘ऑम्नी’ बसनाही कोयंबेडूवरून निघण्यास मज्जाव करण्यात आला. चालकमालक मद्रास उच्च न्यायालयात गेले. त्यांची आगारे, कार्यालये आणि दुरुस्तीच्या जागा कोयंबेडूला होत्या. नव्या स्थानकात शेकडो बस उभ्या करण्यास पुरेशी जागा नाही, ही त्यांची तक्रार. सरकारचे उत्तर ठरलेले होते: शहराची कोंडी फोडायची आहे, जागा ठरविणे हे शासनाचे काम आहे. फेब्रुवारीत न्यायालयाने अंतरिम आदेश देऊन मधला मार्ग काढला आणि चालकांना कोयंबेडू परिसरातील आपापल्या आगारांतून प्रवासी घेण्यास मुभा दिली.

या प्रकरणात कोणाची बाजू न्याय्य होती, याहून एक वेगळी बाब महत्त्वाची आहे. किलांबाक्कम सुरू झाले त्या दिवशी त्याच्या शेजारून उपनगरी रेल्वेचा मार्ग जात होता, पण तेथे रेल्वे स्थानक नव्हते. कोयंबेडूला मेट्रो होती, किलांबाक्कमला नव्हती. दोहोंत २५ ते ३० किलोमीटरचे अंतर. पहाटे चार वाजता तिरुनेलवेली किंवा कुंभकोणमहून येऊन उतरणारा मजूर, बांधकामावर जाणारी बाई, मुलाला इस्पितळात दाखवायला आणणारा बाप, यांच्यासाठी गावातली कोंडी फुटली नव्हती. ती त्यांच्या खिशात शिरली होती. बसचे भाडे जेवढे, जवळजवळ तेवढेच रिक्षाचे, अशी वेळ ज्याच्यावर येते तो उच्च न्यायालयात जात नाही. तेथे बसमालक जातो, त्याच्याजवळ वकील असतो. आजवरच्या अशा बहुतेक तंट्यांत एका बाजूला धंद्याचा हक्क आणि दुसऱ्या बाजूला शासनाचा अधिकार उभा राहिला आहे. ज्याच्या सोयीचे नाव दोघेही घेतात तो प्रवासी पक्षकार म्हणून कोठेच दिसत नाही. कुंभकोणमच्या खटल्यातही तो नव्हता.

स्थलांतर यशस्वी होतच नाही, असे मात्र नाही. मुंबईच्या घाऊक बाजारांचे उदाहरण मराठी वाचकाला परिचित आहे. मशीद बंदर, भायखळा आणि क्रॉफर्ड मार्केटच्या गल्ल्यांत अडकणारे ट्रक बाहेर काढायचे, तर बाजारच उचलून नेला पाहिजे, हे शासनाने १९७० च्या सुमारास ओळखले. विरोध झाला, व्यापारी न्यायालयांत गेले, वर्षे गेली. पण क्रम पाहण्यासारखा आहे. वाशीचा खाडीपूल १९७३ मध्ये झाला. कांदा-बटाटा बाजार १९८१ मध्ये गेला. रेल्वे १९९२ मध्ये खाडी ओलांडून वाशीला पोहोचली, आणि रोज पहाटे हजारो हातांची गरज असणारा भाजीपाला व फळांचा बाजार हलला तो त्यानंतर, १९९६ मध्ये. माथाडी कामगारांच्या संघटनेला बाजूस सारून हे घडणे शक्यच नव्हते. त्यांच्या घरांचा प्रश्न बाजाराच्या प्रश्नाबरोबरच बोलला गेला. योगायोगाने त्याच १९९६ साली चेन्नईचा कोतवाल चावडीचा जुना भाजीबाजारही कोयंबेडूला गेला. कोणतेही परंतुक नसताना हे झाले, कारण नवी जागा आधी तयार होती आणि जुनी नंतर बंद झाली. नियम २६८ मध्ये किंवा कलम ११७ मध्ये हा साधा क्रम कोठेही लिहिलेला नाही.

दिल्लीकरांना आणखी एक विरोधाभास ठाऊक असेल. स्टँड कोठे असावा हे सांगणे आपले काम नव्हे, असे म्हणणाऱ्या सर्वोच्च न्यायालयाने १९९८ च्या जुलैत, एम. सी. मेहता यांच्या याचिकेवर, राजधानीतील सगळ्या बस सीएनजीवर आणण्याचा आदेश दिला. त्याच आदेशात, बाहेरील राज्यांच्या बस शहरात शिरू नयेत म्हणून उत्तर आणि नैर्ऋत्य सीमांवर नवी आंतरराज्य बसस्थानके मार्च २००० पर्यंत बांधावीत, असेही फर्मावले. सीएनजी आले. स्थानके त्या मुदतीत उभी राहिली नाहीत. २०१५ मध्ये दिल्लीत शिरणाऱ्या ट्रकवर पर्यावरण भरपाईचा आकार बसविला गेला, तोही न्यायालयाच्याच आदेशाने. तेव्हा न्यायालयाचा संयम हा अढळ सिद्धान्त नाही. हवा दूषित झाली तेव्हा तो बाजूला ठेवता आला. पाण्याच्या नळाविना, शौचालयाविना, उतरल्यावर पुढे जाण्याच्या साधनाविना एखादे स्थानक सुरू झाले, तर मात्र ‘स्थानिक जाण’ असलेल्या प्राधिकरणावर सोपवून मोकळे व्हायचे, यात संगती शोधणे कठीण आहे.

यावर प्रशासनातील अनुभवी मंडळींचे उत्तर ठरलेले असते, आणि ते टाकाऊ नाही. प्रत्येक थांब्यासाठी सुनावणी घेत बसलो, तर स्थगितीमागून स्थगिती येईल आणि शहर गुदमरेल. गर्दीचे नियमन हा काही शोभेचा विषय नव्हे. १८ फेब्रुवारी १९९२ रोजी कुंभकोणमच्याच महामहम तलावावर झालेल्या चेंगराचेंगरीत सुमारे ५० भाविकांचा बळी गेला. तेव्हापासून त्या गावात वाहने कोठवर येऊ द्यायची हा जीवनमरणाचा प्रश्न झाला आहे. २०१६ च्या महामहमला शहराबाहेर तात्पुरती बसस्थानके उभारून गर्दी लांब थोपविली गेली, ती याच धड्यातून. अशा वेळी आदेश तत्काळच निघाला पाहिजे. पण मेळ्यापुरती, दहा दिवसांची व्यवस्था आणि कायमचे स्थलांतर या दोन भिन्न गोष्टी आहेत. कलम ११७ दोहोंना एकाच मापाने मोजते. दहा दिवसांसाठी जे माफ, ते कायमसाठी माफ असता कामा नये.

सुनावणी म्हणजे अटळ दिरंगाई, हा समजही संसदेनेच खोटा पाडला आहे. पदपथावरील फेरीवाल्यांचे तंटे अनेक वर्षे न्यायालयांत चालले. मुंबईच्या फेरीवाल्यांचा १९८५ चा आणि दिल्लीतील सोदान सिंग यांचा १९८९ चा निर्णय सर्वज्ञात आहेत. शेवटी २०१४ मध्ये संसदेने पथविक्रेता कायदा केला. त्यात जागा बदलायची असेल तर ३० दिवसांची नोटीस आहे, शहर फेरीवाला समिती आहे आणि तिच्यात किमान ४० टक्के प्रतिनिधी विक्रेत्यांचे आहेत. अंमलबजावणी अनेक शहरांत रखडली, हे खरे. तरीही डोक्यावर टोपली घेऊन बसणाऱ्या विक्रेत्याला कायद्याने जे दिले, ते त्याच रस्त्यावर टेम्पो लावून हमालीची वाट पाहणाऱ्या चालकाला नाही, रिक्षाच्या रांगेला नाही आणि बसने येणाऱ्या प्रवाशाला तर मुळीच नाही. टोपलीवाल्याचे स्थलांतर हा उपजीविकेचा प्रश्न, आणि टेम्पोवाल्याचे स्थलांतर हा वाहतुकीचा प्रश्न, हा भेद कोणत्या तत्त्वावर केला गेला?

कलम ११७ मध्ये करावयाची दुरुस्ती लांबलचक असण्याची आवश्यकता नाही. कायमस्वरूपी थांबा हलविताना आदेशात कारणे नोंदवावीत. नगरपालिकेचे मत लेखी घ्यावे आणि ते डावलले तर का डावलले हे सांगावे. नव्या जागी पाणी, स्वच्छतागृह, रात्रीचा निवारा आणि गावात जाणारी सार्वजनिक वाहने यांची सोय झाल्याखेरीज जुनी जागा बंद करू नये. जागा निवडण्याचे काम न्यायालयाकडे येत नाही, ते प्रशासनाकडेच राहते. न्यायालयाने पाहायचे ते एवढेच की कारणे खरोखरीच नोंदली आहेत काय. अंधेरीतील एका चित्रपटगृहाच्या परवान्याच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९५१ मध्येच मुंबईच्या पोलीस आयुक्तांना सांगितले होते की, कायद्याने दिलेला अधिकार त्यांनी स्वतःच्या विवेकाने वापरावा, वरून आलेल्या हुकमाने नव्हे. तो दंडक बसथांब्याला लागू करण्यात अवघड असे काही नाही. अवघड आहे ते परिवहन खात्यांना पटविणे. कारण गावातील जुन्या स्थानकाची जमीन आता सोन्याच्या मोलाची झाली आहे, आणि स्थानक हलले की त्या जमिनीचे काय होणार हे प्रवाशाला कोणी सांगत नाही.

कुंभकोणममध्ये आता तो खासगी मोटारस्टँड कोणाच्या आठवणीत नाही. १९७२ मध्ये तामिळनाडू सरकारने याच गावी चोळन रोडवेज महामंडळ स्थापन केले, आणि राज्य परिवहन महामंडळाच्या कुंभकोणम विभागाचे मुख्यालय आजही तेथे आहे. २०२१ मध्ये गावाला महानगरपालिकेचा दर्जा मिळाला. पुढील महामहम २०२८ मध्ये येईल. त्यासाठी रस्ते रुंद होतील, तात्पुरते तळ आखले जातील आणि त्यांतील काही मेळा उठल्यावरही तसेच राहावेत, असे कोणाच्या तरी मनात येईल. त्या वेळी आदेश कोण काढील, तंजावरचे प्राधिकरण, चेन्नईचे सचिवालय की दिल्लीतील महामार्ग प्राधिकरण, याचे उत्तर आजच्या कायद्यात तिन्ही आहे. महानगरपालिकेशी विचारविनिमय होईलच. तो कसा करायचा हे कायद्यात लिहिलेले नाही.